भूत कुणाच्या सोयीचं?

(सामुदायिक रेडिओच्या महिला कार्यक्रमात झालेलं भाषण)

मी तुमची सहयोगिनी. मागच्या भागात आपण कर्जाच्या व्याजाचा हिशोब केला. तो ऐकून काही जणींचं डोकं दुखलं असं कानावर आलं. म्हणून आज हसायचा विषय घेतलाय. आज सिनेमावर बोलू. आणि सिनेमाही कसला, तर भुताचा.

गटाची बैठक संपते, पासबुकं भरून होतात, चहा येतो आणि मग गप्पा कशावर जातात? दुपारी टीव्हीला कुठला पिक्चर लागला होता यावर. तामिळ, तेलुगूचे सिनेमे हिंदी आवाज घालून आपल्या टीव्हीवर रोज लागतात. त्यातले भुताचे आणि विनोदाचे असे दोन्ही रस एकत्र केलेले सिनेमे बायकांच्या फार आवडीचे. पोरं भ्यायलेली असतात, म्हातारी पदर तोंडाला लावून हसत असते, आणि सून कामाच्या नावाखाली दारात उभी राहून सगळा बघत असते. असाच एक सिनेमा पुष्कळ जणींनी पाहिलाय. नाव ‘कांचना’.

हा सिनेमा मूळचा तामिळ. २०११ साली आला. ‘मुनी’ नावाच्या मालिकेतला हा दुसरा. राघव लॉरेन्स नावाच्या नटानं तो लिहिला, त्यानंच दिग्दर्शन केलं आणि नायकही तोच. पुढं २०१५ ला त्याचा आणखी एक भाग आला, २०१९ ला आणखी एक. २०२० साली त्याच दिग्दर्शकानं अक्षयकुमारला घेऊन हिंदीत ‘लक्ष्मी’ काढला, तो याच गोष्टीवर. त्यात लक्ष्मीचं काम आपल्या शरद केळकरनं केलंय. पण आज मी बोलणार आहे ते जुन्या ‘कांचना’बद्दल, जो आपण हिंदी आवाजात बघतो.

आता ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी गोष्ट सांगते.

राघव नावाचा एक धडधाकट जवान गडी. घरात आई, भाऊ, भावजय, त्यांची पोरं. दिवसा हा वाघ, पण दिवस मावळला की शेळी. अंधार पडला की भुताची भीती. रात्री आईजवळ झोपतो. लघवीला जायचं झालं तरी आई सोबत पाहिजे. घाबरला की टुणकन उडी मारून आईच्या कडेवर. एवढा बाप्या, आणि ती बिचारी आई त्याला कडेवर घेऊन उभी! आईचं काम कोवै सरला या नटीनं केलंय आणि भावजयीचं देवदर्शिनीनं. खरं तर निम्मा सिनेमा या सासू-सुनेनंच खाल्लाय.

हा राघव मित्रांबरोबर क्रिकेट खेळतो. नेहमीच्या मैदानावर खेळता येत नाही, म्हणून ही पोरं दुसरी जागा शोधतात. एक मोकळं, पडीक मैदान सापडतं. गावात बोलवा असते, की ती जागा झपाटलेली आहे. पोरं तिथं जातात, भयंकर वारं सुटतं, सगळे पळून येतात. राघव खेळायचे स्टंप घरी घेऊन येतो. ते स्टंप जमिनीत रोवले होते, आणि खाली पुरलेलं होतं माणसाचं प्रेत. स्टंपांना रक्त लागलेलं. त्यांच्याबरोबर भूत घरात येतं.

मग सुरू होते ती पळापळ. रात्री दिवाणखान्यात काहीतरी दिसतं ते आधी सासू-सुनेला. दोघी एकमेकींना पुढं ढकलतात. ‘तू बघ’, ‘तुम्ही बघा’. पुजाऱ्याकडं जातात, तो घरात भूत आहे की नाही ते ओळखायचे उपाय सांगतो. ते करताना यांची जी फजिती होते, ती बघून पोट दुखेपर्यंत हसायला येतं. आणि ज्याला भुताची एवढी भीती, त्याच राघवच्या अंगात भूत शिरतं. बांगड्या भरतो काय, साडी नेसतो काय, बाईसारखा चालतो काय. घरातले तोंडावर हात ठेवतात आणि आपण हसतो.

इथं आवाज घालण्याबद्दल, म्हणजे डबिंगबद्दल, एक गंमत सांगते. राघवच्या अंगात एक नाही, तीन जण असतात. त्यातला एक हिंदी बोलणारा मुसलमान माणूस. मूळ सिनेमात हे तामिळ कुटुंब. घरचा पोरगा एकाएकी हिंदी बोलायला लागला, म्हणून सगळे हबकतात. उद्या आपल्या घरातलं पोर एकदम फाडफाड तामिळ बोलायला लागलं तर आपली काय अवस्था होईल? तसंच. पण हिंदी आवाज घातला की सगळेच हिंदी बोलतात, मग तो दचका पातळ होतो. डबिंगमध्ये नुसते शब्द बदलून भागत नाही. पडद्यावरचं तोंड जेवढा वेळ हलतं तेवढ्यात वाक्य बसवायचं, ओठ मिटतात तिथं शब्द मिटवायचा, आणि रडणं, हसणं, किंचाळणंही पुन्हा करायचं. त्या कामात आपली मराठी माणसं मोठी आहेत. ‘बाहुबली’त प्रभासचा हिंदी आवाज शरद केळकरचा आणि ‘पुष्पा’त अल्लू अर्जुनचा श्रेयस तळपदेचा. हाच श्रेयस महेश कोठारेंच्या ‘पछाडलेला’त होता. म्हणजे वाड्यातल्या भुताशी त्याची ओळख जुनीच म्हणायची.

तर आता गोष्टीचा दुसरा भाग. इथं हसणं थांबतं.

घरची माणसं राघवला एका मुसलमान मांत्रिकाकडं नेतात. तिथं ते भूत बोलायला लागतं. आपण कोण, कुठले, आपल्याला काय पाहिजे, ते सगळं सांगतं. आणि तिथं पडद्यावर कांचना येते. कांचना ही तृतीयपंथी. हे काम शरतकुमार या नटानं केलंय. मारामारीचे सिनेमे करणारा, पिळदार शरीराचा मोठा नायक. त्यानं साडी नेसून हे काम केलं आणि एकदाही हसू येऊ दिलं नाही.

कांचनाला आईबापानं घराबाहेर काढलं. आसरा दिला तो एका मुसलमान माणसानं. त्याला एक मुलगा, तो बुद्धीनं अधू. कांचनानं आपल्यासारख्याच एका पोरीला, गीताला, पदरात घेतलं. कष्ट करून तिला डॉक्टरकी शिकायला परदेशी पाठवलं. आणि गरिबांसाठी दवाखाना बांधायचा म्हणून एक जागा विकत घेतली. त्या जागेवर आमदाराचा डोळा होता. त्यानं ती बळकावली. कांचना जाब विचारायला गेली, तर तिला ठार केलं. तिला आसरा देणाऱ्याला मारलं, त्याच्या अधू पोराला मारलं. आणि तिघांनाही तिच्याच जागेत पुरलं.

बायांनो, ती जागा म्हणजे तेच मैदान. ज्याला सगळे झपाटलेलं म्हणत होते ना, तेच.

आज मला जे सांगायचंय ते इथंच आहे, म्हणून जरा लक्ष द्या. त्या मैदानावर कुणी पाऊल टाकत नव्हतं, कारण तिथं भूत आहे अशी बोलवा होती. आता विचार करा, ही बोलवा कुणाच्या फायद्याची? कुणी तिथं गेलं नाही, म्हणजे कुणी खणलं नाही. कुणी खणलं नाही, म्हणजे कुणी विचारलंही नाही, की ही जागा कुणाची होती आणि ती बाई कुठं गेली. ज्यानं खून केला, जागा घेतली, त्याला पहारेकरी ठेवायची गरजच पडली नाही. लोकांची भीतीच पहारा करत होती. सिनेमा हे तोंडानं बोलून सांगत नाही, पण गोष्ट तशी आहे.

हे पडद्यावरचं झालं. आता आपल्या भागातलं सांगते. बाईचं नाव आणि गाव सांगणार नाही, कारण ती आपल्यातलीच आहे.

आमच्या एका गटातली सभासद. नवरा आजारपणात गेला. पदरात दोन पोरी. गावात तीन खणाचं घर, वर पत्रा, मागं थोडी शेती. वर्षश्राद्ध झालं नाही तोवर भावकीतून कुजबूज सुरू झाली. घरात रात्री आवाज येतात. पत्र्यावर कुणीतरी चालतं. त्याचा जीव घरात अडकलाय. पोरींना धोका आहे. मग कुणी देवऋषी आणला, त्यानं अंगारा दिला आणि सांगितलं की ही वास्तू बाधली आहे, इथं दिवा लावू नका. बाई घाबरली आणि पोरींना घेऊन माहेरी गेली. दोन महिन्यांत दीरानं त्या घरात म्हशी बांधल्या. म्हशींना भूत लागलं नाही, बरं का!

गटाचा हप्ता थकला म्हणून आम्ही तिच्या माहेरी गेलो, तेव्हा हे सगळं बाहेर आलं. गटातल्या एका आक्कानं सरळ विचारलं, “म्हशी राहत्यात, मग हिनं का राहू नये?” ठरलं, की पाच जणींनी तिच्यासोबत तिथं रात्र काढायची. तिनं म्हशी सोडायला लावल्या, घर झाडलं, सारवलं. आणि बाया अंथरुणं घेऊन गेल्या. मोबाइल सोबत होताच. वेळ जायला त्यांनी कुठला सिनेमा लावला असेल? बरोबर ओळखलंत.

रात्री आवाज आले. खरंच आले. पहिला आवाज पत्र्याचा. दिवसभर उन्हानं तापलेला पत्रा रात्री निवतो, निवताना आकसतो आणि खिळ्याशी ओढ बसून कट्‌ कट्‌ वाजतो. चालल्यासारखाच वाटतो. दुसरा आवाज, एखादं माणूस घसा ताणून ओरडावं तसा. बॅटरी मारली तर आढ्याला गव्हाणी घुबड. पांढरं तोंड, काळे डोळे. अंधारात बघितलं तर कुणाचंही काळीज हलेल. ते बिचारं उंदीर खायला यायचं. म्हशींच्या पेंडीला उंदीर आले, आणि उंदरांच्या मागं घुबड आलं. त्या रात्री भुताचा शोध लागला, पण खरं काम दुसऱ्या दिवशी सकाळी होतं.

सकाळी बाया ग्रामपंचायतीत गेल्या आणि घराचा नमुना नंबर ८ चा उतारा काढला. त्यावर अजून मेलेल्या नवऱ्याचंच नाव. बाईचं नाव नाही, पोरींचं नाही. शेताच्या सातबाऱ्यावर आणखी घोळ. बाईला कुणी सांगितलंच नव्हतं, की नवरा गेल्यावर वारस नोंद करावी लागते. दिराला मात्र ते चांगलं माहीत होतं. आज घराच्या उताऱ्यावर तिचं आणि दोन्ही पोरींचं नाव लागलंय. शेताचं प्रकरण अजून चालू आहे. दिरानं हरकत घेतलीय, तारखा पडताहेत. पण ती आपल्या घरात राहते, आणि संध्याकाळी दिवा लावते.

म्हणून मी म्हणते, कुठल्याही घराला झपाटलेलं म्हटलं, की आपण दोन प्रश्न विचारायचे. पहिला, हे घर कुणाच्या नावावर आहे? दुसरा, यातली बाई बाहेर गेली तर आत कोण येणार? या दोन प्रश्नांची उत्तरं मिळाली, की पुष्कळ भुतं आपोआप ओळखीची निघतात.

आपल्याकडची भुतं तरी कोण असतात ते बघा. मुंजा म्हणजे लग्नाआधी गेलेला पोरगा. हडळ म्हणजे बाळंतपणात गेलेली बाई. विहिरीतली बाई म्हणजे जिनं उडी घेतली किंवा जिला ढकललं. ज्यांच्या जगण्याचा हिशोब अर्धवट राहिला, त्यांनाच आपल्या लोकांनी भूत केलं. आपण गटाच्या बाया, हिशोब अर्धवट राहिला की काय होतं ते आपल्याला ठाऊक आहे. मग बाळंतपणात बाई का गेली, दवाखाना किती लांब होता, गाडी का मिळाली नाही, हे विचारायचं सोडून आपण चिंचेखालून जाताना मान खाली घालतो.

आता सिनेमाच्या खोटीही सांगायला पाहिजेत. नुसतं कौतुक करून मी जाणार नाही.

पहिली खोट. सिनेमात मांत्रिकाचा उपाय लागू पडतो. पडद्यावर ठीक आहे, खऱ्या आयुष्यात नाही. अंगात भूत शिरलंय म्हणून बाईला बांधणं, काठीनं मारणं, मिरचीची धुरी देणं, चटके देणं, केस उपटणं, हा आपल्या राज्यात गुन्हा आहे. डॉक्टर नरेंद्र दाभोलकरांनी या कायद्यासाठी कितीतरी वर्षं लढा दिला. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला, आणि त्यानंतर त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला. गुन्हा शाबीत झाला तर सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद आणि पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत दंड आहे. एखादी बाई करणी करते, तिच्यामुळं गुरांचं दूध आटतं, असं पसरवून तिचं जगणं अवघड करणं, हेही त्यात येतं. साप-विंचू चावलेल्याला डॉक्टरकडं जाऊ न देता मंत्र-तंत्र करत बसणं, तेही येतं. देवाची पूजा, वारी, भजन, कीर्तन यांना हा कायदा आडवा येत नाही, ही गोष्ट घरच्यांना मुद्दाम सांगा. पुष्कळांचा तोच गैरसमज आहे.

मग अंगात येतं त्या बाईचं काय करायचं? याला उत्तर दुसऱ्या एका सिनेमात आहे. ‘भूलभुलैया’ आपण सगळ्यांनी पाहिलाय, २००७ चा. तो मूळचा १९९३ सालचा मल्याळी सिनेमा, ‘मणिचित्रताळ’. तो करणाऱ्या शोभनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यावरून कन्नडमध्ये झाला, आणि २००५ साली तामिळमध्ये रजनीकांतचा ‘चंद्रमुखी’ झाला. तोही हिंदी आवाजात टीव्हीवर लागतो. मोठा जुना वाडा, बंद खोली, नाचणारीचं भूत, विनोद, सगळं तसंच. पण शेवटी उलगडा होतो, की घरातल्या सुनेला मनाचा आजार आहे, आणि तिला मदत करणारा माणूस मनाचा डॉक्टर आहे. एकटेपणा, लहानपणीचं दुःख, मनात दाबून ठेवलेलं बोलणं, हे सगळं तिच्यात साठलेलं असतं. आपल्या गावातही जिच्या अंगात येतं, तिचं एरवी घरात कोण ऐकतं ते बघा. अंगात आल्यावर तरी सगळे समोर बसून ऐकतात! तिला आधी माणसासारखं ऐकून घ्या आणि मग दवाखान्यात न्या. जिल्हा रुग्णालयात मनाच्या आजारावर उपचार होतात. १४४१६ हा टेलिमानसचा फोन आहे, सरकारी आणि फुकट. हा नंबर गटाच्या वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

दुसरी खोट. राघव साडी नेसतो तेव्हा सिनेमा आपल्याला हसवतो. बाप्यानं बांगड्या भरल्या की हसायचं, ही जुनी खोड. पण कांचनाची गोष्ट सुरू झाली, की आपण मघाशी कशाला हसत होतो याची लाज वाटायला लागते. हा सिनेमा आला तेव्हा देशात तृतीयपंथींना कायद्यानं वेगळी ओळखही नव्हती. ती सुप्रीम कोर्टानं १५ एप्रिल २०१४ ला दिली. मग २०१९ मध्ये कायदा झाला. त्यात असं आहे, की तृतीयपंथी आहे म्हणून कुणाला आईबापाच्या घरातून तोडता येणार नाही, कुटुंबाच्या घरात राहण्याचा तिला किंवा त्याला हक्क आहे. कांचनाला बाहेर काढलं ते पहिलं घर, आणि लुबाडली ती दुसरी जागा. दोन्हीकडं तिचा हक्कच होता. आपल्या गावात असं एखादं लेकरू असेल, तर त्याला टोमणे मारण्याआधी शरतकुमारचा तो चेहरा डोळ्यांपुढं आणा.

तिसरी खोट सगळ्यात मोठी. सिनेमात कांचनाला न्याय मिळतो तो मेल्यावर, आणि तोही एका पुरुषाच्या अंगात शिरून, मारामारी करून. शेवटी ती आमदाराला संपवते आणि तो दवाखाना उभा राहतो. टाळ्या पडतात. पण तिनं पैसे देऊन जागा घेतली होती, ती जिवंत होती, बोलत होती, तेव्हा तिचं कुणी ऐकलं नाही. मेल्यावर न्याय घेऊन काय करायचं बायांनो? आपल्याला हिशोब जिवंतपणी पाहिजे. आणि त्याला कुणाच्या अंगात शिरावं लागत नाही, कागद लागतो आणि सोबतीला चार बाया लागतात.

आता कागदाचं थोडक्यात सांगते. नवरा गेला, किंवा आईबाप गेले, की शेतासाठी वारस नोंदीचा अर्ज तलाठ्याकडं द्यायचा. सोबत मृत्यूचा दाखला आणि सगळ्या वारसांची नावं. अर्ज दिल्याची पोहोच घ्या, पोहोच नसेल तर अर्ज दिलाच नाही असं समजा. फेरफाराची नोटीस निघते, हरकतीला पंधरा दिवस असतात, मग मंडल अधिकारी नोंद मंजूर करतात. तेवढ्यावर थांबू नका, नवा सातबारा काढून त्यावर नाव वाचा. गावठाणातल्या घरासाठी ग्रामपंचायतीत अर्ज द्यायचा आणि नमुना ८ वर नाव लावून घ्यायचं. नमुना ८ ही कराची नोंद आहे, तेवढ्यानं मालकी पक्की होत नाही, पण तिथं नाव नसलं तर आपलं कुणी मोजतच नाही. ज्या गावात ड्रोननं गावठाणाची मोजणी झाली, तिथं मिळकत पत्रिका निघते. त्यावरही कुणाचं नाव पडलंय ते बघा.

हिंदू वारसा कायद्यानं विधवेला मुलांइतकाच वाटा आहे. २००५ च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाएवढाच हक्क आहे. आणि नवरा जिवंत असतानाच घरावर दोघांची नावं लावून घेता येतात. ती आजच लावा, म्हणजे पुढची भुतं जन्मालाच येणार नाहीत. कुणी हरकत घेतली, दमदाटी केली, तर तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. बाईला वकील फुकट मिळतो, मग तिचं उत्पन्न कितीही असो. दाराशी भुताच्या नावानं कुणी धिंगाणा घातला, तर पोलीस ठाण्यात जा. जादूटोणा कायद्याखाली तिथं दक्षता अधिकारी नेमलेला असतो. एकटी जाऊ नका, गटानं जा.

आता पुढच्या महिन्याच्या बैठकीचं काम सांगते. प्रत्येकीनं आपल्या घराचा नमुना ८ चा उतारा आणायचा. ज्यांना वाचता येत नाही, त्यांचा शेजारणीनं वाचायचा, मोठ्यानं. ज्या उताऱ्यावर बाईचं नाव नाही, त्यांची यादी सचिवानं वहीत करायची आणि ती मला द्यायची. आपण सगळ्यांचे अर्ज एकाच दिवशी नेऊ. आणि गावात एखादं बंद घर असेल, त्याला लोक बाधिक म्हणत असतील, तर त्या घरातली बाई आज कुठं आहे तेवढं विचारून या.

आणि काम झालं की चहासोबत ‘कांचना’ लावा. खुशाल हसा. राघव आईच्या कडेवर उडी मारतो तिथं तर फारच हसा. सासू-सून एकमेकींना पुढं ढकलतात ना, तेव्हा मात्र मनाशी एक ठरवा, की आपल्या घरात तशी वेळ आली तर आपण एकमेकींना पुढं ढकलायचं नाही, दोघींनी मिळून बॅटरी घेऊन जायचं.

तुमच्या गावात असं काही घडलं असेल तर रेडिओच्या पत्त्यावर पत्र लिहा, नाहीतर गटाच्या सीआरपी ताईकडं निरोप द्या. नाव सांगायचं नसेल तर सांगू नका. पुढच्या भागात आपण वारस नोंदीचा अर्ज कसा लिहायचा ते ओळीनं बघू. वही-पेन घेऊन बसा. नमस्कार.